मानवतावादी भूगोल
माणसाचा अनुभव, जाणीव व मूल्ये यांच्या आधारे भूप्रदेशाचा अर्थ लावणारी मानवी भूगोलाची एक अभ्यासपद्धती. १९६० च्या दशकात भूगोलात संख्यात्मक पद्धतींचा प्रभाव वाढून माणूस हा अंतर व खर्च यांचा हिशेब करणारा घटक मानला जाऊ लागला. त्याची प्रतिक्रिया म्हणून ही पद्धती १९७० नंतर पुढे आली. यी-फू त्वान (१९३०–२०२२) यांनी टोपोफिलिया (१९७४) या ग्रंथात स्थलप्रेमाचे विवेचन केले. तर स्पेस अँड प्लेस (१९७७) मध्ये, अवकाशाला अनुभवाने अर्थ लाभला म्हणजे त्याचे ‘स्थळ’ बनते, असे प्रतिपादन केले. एकसाची रचनेमुळे स्थळांचे वेगळेपण लोपते, हे एडवर्ड रेल्फ यांनी प्लेस अँड प्लेसलेसनेस (१९७६) मध्ये दाखविले.

अनुभवाचे सूक्ष्म वर्णन हे या पद्धतीचे सामर्थ्य होय. मात्र तो अनुभव कोणाचा, हा प्रश्न तिने फारसा विचारला नाही. तिच्या विवेचनात घर हे बहुधा आपुलकीचे व आश्रयाचे आदर्श स्थळ ठरते. अनेक स्त्रियांना तेच घर कष्टाचे, प्रसंगी भयाचेही ठिकाण असते, असा आक्षेप जिलियन रोझ यांनी फेमिनिझम अँड जिऑग्राफी (१९९३) मध्ये घेतला. तो रास्त आहे. परंतु त्याचाही आधार अनुभव हाच आहे. त्यामुळे या आक्षेपाने ही पद्धती बाद होत नाही, तर तिची कक्षा रुंदावते.