दैनंदिनीतील विनोद : दिलीप प्रभावळकर यांचे लेखन आणि दूरचित्रवाणी

दूरचित्रवाणीशी निगडित विनोदी लेखनाची गणना मराठी समीक्षा बहुधा करमणुकीत करते. अशा लेखनाला वाङ्मयीन परंपरा नसते, हे त्यामागील गृहीतक होय. दिलीप प्रभावळकर यांची कारकीर्द हे गृहीतक तपासून पाहण्यास भाग पाडते.

१९७० च्या दशकाच्या उत्तरार्धात मुंबई दूरदर्शनवर चि. वि. जोशी यांच्या कथांवर आधारित मालिकेत प्रभावळकरांनी चिमणराव साकारला. गुंड्याभाऊ होते बाळ कर्वे. मूळ कथांतील विनोदाचे मर्म निवेदनात आहे. चिमणराव आपली फजिती स्वतःच सांगतो, आणि तीही शहाणपणाच्या थाटात. निवेदकाला न उमगलेले वाचकाला उमगते, या अंतरातून हास्य निर्माण होते. कॅमेरा मात्र चिमणरावाकडे बाहेरून पाहतो. हरवलेल्या निवेदनाची भरपाई तेथे नटाला मुद्रा आणि उच्चार यांनी करावी लागते.

ही उणीव प्रभावळकरांनी पुढे लेखक म्हणून भरून काढली, असे म्हणता येईल. 'हसवाफसवी' या नाटकात सहा भूमिकांसाठी त्यांनी सहा भाषिक लकबी घडविल्या. 'अनुदिनी' या सदरात टिपरे कुटुंबातील निरनिराळ्या व्यक्ती दैनंदिनी लिहितात. चिमणरावाचे एकट्याचे निवेदन येथे घरभर वाटले गेले आहे. प्रत्येकजण आपल्यापुरता शहाणा आणि इतरांच्या नोंदीत हास्यास्पद ठरतो.

२००१ मध्ये अल्फा मराठीवर सुरू झालेल्या, केदार शिंदे दिग्दर्शित 'श्रीयुत गंगाधर टिपरे' या मालिकेने ही दैनंदिनी भागाच्या अखेरीस ठेवली. स्थानबदलाने तिचे कार्यही पालटले. सदरात वाचक नोंदीवरून घटना जुळवतो. मालिकेत घटना आधीच पाहिलेली असते. परिणामी नोंद भाष्यरूप होते. उपरोध मवाळतो, जिव्हाळा वाढतो. चिमणरावाच्या विनोदात समाजावर जो रोख होता, तो टिपऱ्यांच्या उंबरठ्याशी थांबतो. ही मर्यादा मान्य केलीच पाहिजे.

तथापि या घराचे आवाहन केवळ स्मरणरंजन नव्हे. मुंबई केंद्राचे भूप्रक्षेपण भिलाईपर्यंत पोहोचत नव्हते. १९५९ मध्ये पहिली झोतभट्टी पेटलेल्या त्या पोलादनगरीतील मराठी कुटुंबांना चिमणराव पुस्तकातूनच भेटू शकत होता. टिपरे उपग्रहवाहिनीमुळे थेट दिवाणखान्यात येऊ शकले. हिंदी आणि छत्तीसगढीच्या परिसरात आजोबा, सून आणि नातवंडे यांच्या तीन पिढ्यांची वेगवेगळी मराठी एकत्र ऐकू येणे, हा भाषिक अनुभवच होता. खुद्द चि. वि. जोशींनीही पुण्याचा चिमणराव रंगविला तो बडोद्यात राहून. मराठी कौटुंबिक विनोदाला महाराष्ट्राबाहेरचे हे अंतर नवे नाही. तौलनिक अभ्यासाने मालिकेला साहित्याची दुय्यम प्रत न मानता, माध्यम बदलताना निवेदकाचे काय होते, हा प्रश्न विचारावयास हवा. प्रभावळकरांच्या लेखनात तो नट झाला, कुटुंब झाला आणि अखेर पुन्हा वहीकडे वळला.