हजेरीपटावरचे ऋतू

ऋतूंवरून ठेवलेली माणसांची नावे हा टीकेचा विषय होऊ शकतो काय, असे कोणी विचारील. माझ्या मते होऊ शकतो. नाव ठेवणारा निवड करतो, आणि जिथे निवड आली तिथे अभिरुची आली. अभिरुची आली की टीकेला वाव मिळतोच. सहा ऋतूंपैकी मराठी घराने कोणाला पाळण्यात घेतले आणि कोणाला उंबऱ्याबाहेर उभे केले, हे पाहिले तरी आमच्या मनाचा बराच नकाशा उलगडतो.

वसंत, शरद आणि हेमंत हे आमचे लाडके. वर्षा मुलीच्या वाट्याला आली. शिशिर क्वचित भेटतो. ग्रीष्म नावाचा पुरुष मात्र मला अजून भेटलेला नाही. अलीकडे ‘ग्रीष्मा’ अशी मुलीची नावे कानांवर येऊ लागली आहेत, पण तिथेही आईबापांना नादाचा मोह पडलेला असतो, उन्हाचा नव्हे. गंमत अशी की, कालिदासाच्या नावावर असलेले ‘ऋतुसंहार’ ग्रीष्मापासूनच सुरू होते आणि वसंतावर संपते. कवीला ग्रीष्म चालला, बारशाला चालला नाही.

ही निवड ग्रंथांतून आली आहे. गीतेच्या दहाव्या अध्यायात भगवंत ऋतूंमध्ये स्वतःला वसंत म्हणवतात, आणि तिथला ‘कुसुमाकर’ हा शब्दही आम्ही मुलांना दिला. ‘माधव’ हे नाव आपण कृष्णाचे समजतो आणि ते आहेही, पण वैदिक महिन्यांत मधू आणि माधव हे वसंताचे दोन महिने होत. त्याच गणनेत कार्तिकाला ऊर्ज आणि फाल्गुनाला तपस्य म्हणत. आज ऊर्जा आणि तपस्या ही नावे ठेवणाऱ्यांच्या मनात यातला कोणताच महिना नसतो. वैदिक ऋषींनी आयुष्य मोजले ते शंभर शरदांनी. शरदेवरून शारदा, आणि पावसावरून ‘वर्ष’ हा काळाचा शब्दच. हेमंताच्या मुळाशी हिम आहे. आमच्याकडे हिम कोणी पाहिलेले नाही, म्हणून लोक त्यात ‘हेम’ शोधतात आणि हेमंत म्हणजे सोन्यासारखा असा अर्थ खुशाल सांगतात. बंगालीत शिशिर म्हणजे दव. आमच्याकडे शिशिर म्हटले की पानगळच आठवते. त्यामुळे तिकडे हे नाव सहज रुळले आणि इकडे ते ठेवताना हात आखडला, असे मला वाटते. शरदबाबूंच्या कादंबऱ्या मामा वरेरकरांनी मराठीत आणल्या. ‘शरद’ या नावाचा गोडवा आमच्या मध्यमवर्गात वाढण्यास त्या वाचनाचाही हातभार लागला असावा, असा माझा तर्क आहे.

आता शेळगावच्या शिवारात उभे राहून हीच नावे ऐकावीत. इंदापूर तालुका हा पर्जन्यछायेतला मुलूख. इथे ऋतू तीनच, उन्हाळा, पावसाळा आणि हिवाळा. त्यातला मधला ज्या वर्षी आला, त्या वर्षी खरा. जुन्या पिढीची नावे पाहा: तुकाराम, खंडू, भिवा, धोंडिबा, दगडू, म्हाळसा. काळ नावात आला तर तो सणाच्या पावलांनी आला. गोकुळाष्टमीची ती गोकुळा आणि दिवाळीची ती दिवाळूबाई. अधिक मासाला आपण धोंड्याचा महिना म्हणतो, त्यात जन्मला तो धोंडू, असेही उलगडून सांगणारे आहेत. व्यंकटेश माडगूळकरांच्या ‘बनगरवाडी’त (1955) दुष्काळ हे एक पात्रच आहे, पण तिथली माणसे शेकू, अंजी, आनंदा अशीच आहेत. ऋतू तिथे माणसांच्या पाठीवर बसलेला आहे, म्हणून तो नावात नाही. हे लेखकाचे अचूक कान होत. त्या वाडीत एखादा ‘वसंत’ घातला असता तर कादंबरीचा तोल गेला असता.

मग शेतकऱ्याच्या घरात वसंत आणि शरद आले ते कोठून? वरच्या वर्गाचे अनुकरण, असे उत्तर तयार आहे. मला ते अपुरे वाटते. काटेवाडीच्या शेतकरी कुटुंबातल्या शारदाबाई पवार 1938 मध्ये पुण्याच्या लोकल बोर्डावर निवडून आल्या. 12 डिसेंबर 1940 रोजी जन्मलेल्या मुलाचे नाव शरद ठेवले गेले. पंचांगाने पाहिले तर ते दिवस मार्गशीर्षाचे, म्हणजे हेमंताचे. नाव ऋतू पाहून ठेवलेले नाही. आईच्या नावाचा नाद त्यात ऐकू येतो. ज्या घरात अक्षर पोहोचले, त्या घराने अक्षरांच्या जगातले नाव हक्काने उचलले, असे मी समजतो. पोथीतला ऋतू कोणा एकाच्या मालकीचा नव्हता, हे त्या पिढीने मुलांच्या पाळण्यातून सांगितले.

तरीही नाव आणि ऋतू यांची ताटातूट झाली, ही गोष्ट उरतेच. वसंतदादा पाटील 13 नोव्हेंबर 1917 चे, म्हणजे ऐन शरदातले. कवी वसंत बापट यांचे मूळ नाव विश्वनाथ आणि नाटककार वसंत सबनीस यांचे रघुनाथ. दोघांनीही वसंत स्वीकारला तो लेखणीसाठी. वसंतराव नाईकांची जयंती 1 जुलै, ती महाराष्ट्रात कृषिदिन म्हणून पाळली जाते. मुंबईतल्या आपल्या बंगल्याला त्यांनी ‘वर्षा’ हे नाव दिले, आणि 1972 चा भीषण दुष्काळ त्यांच्याच कारकिर्दीत पडला. वसंत नावाच्या माणसाला पावसाची इतकी आस असावी, याहून या प्रदेशाचे बोलके भाष्य कोणते?

शेतकऱ्याचे खरे पंचांग नक्षत्रांचे. मे अखेर रोहिणी, 7 जूनच्या सुमारास मृग, मग आर्द्रेपासून स्वातीपर्यंत एकेक तेरा-चौदा दिवसांची पाळी. जन्मनक्षत्र चंद्राचे असते, पावसाचे नक्षत्र सूर्याचे. हा भेद आमच्याकडची निरक्षर म्हातारीही जाणत असे. रोहिणी, पूर्वा, उत्तरा, चित्रा, स्वाती ही सारी नावे आमच्या हजेरीपटावर आहेत. हजेरी घेताना अर्धा पावसाळा मोजून होतो. पण हस्त नाही! आमच्या भागात रब्बीची ज्वारी ज्याच्या भरवशावर पेरायची, ज्याने ओल दिली तर वर्ष निभते, त्या हस्ताचे नाव कोणी लेकराला दिले नाही. कालव्याच्या आवर्तनाचेही दिले नाही, मग पीक त्यावर कितीही अवलंबून असो. जे नेमके उपयोगाचे, ते नावाला ओबडधोबड वाटते. आमच्या साहित्याचाही हाच दोष आहे, आणि ग्रामीण म्हणवणारे लेखनही त्यातून सुटलेले नाही. गावाची कथा लिहितानाही आम्ही पाऊस पाहतो तो वर्षाऋतूच्या चष्म्यातून. अमुक नक्षत्राने दगा दिला आणि तमुक बियाणे वाया गेले, एवढे नेमके वाक्य लिहायला लेखणी कचरते.

नावांच्या पुस्तिकांत, आणि हल्ली फोनवरच्या याद्यांत, ‘वसंत म्हणजे एक ऋतू’ असा अर्थ छापलेला असतो. हा अर्थ नव्हे, ही चिठ्ठी झाली. अर्थ हवा असेल तर डाळिंबाच्या बागेत जावे. बागाईतदार तीन बहार जाणतो: मृग बहार, हस्त बहार आणि आंबे बहार. बहार हा फारसी शब्द आणि त्याचा मूळ अर्थ वसंत. म्हणजे आमच्या शेतकऱ्याकडे वर्षाला तीन वसंत आहेत! त्यांतला एक निवडून तो झाडाला ताण देतो, पाणी तोडतो, पाने झडू देतो आणि मग पाणी सोडून फुले काढतो. कधी, हे तो विहिरीत डोकावून ठरवतो. बारशाच्या दिवशी टाळलेला हस्त इथे पोथीतल्या वसंताशेजारी सन्मानाने बसला आहे, तोही एका परकीय शब्दाच्या आधाराने. ही जोडणी कोणा पंडिताने केलेली नाही. मराठी लेखकाने शब्द वेचायला निघावे ते अशा ठिकाणी, आणि मुलांना नावांचा अर्थ सांगायचा तोही इथूनच सांगावा.