भातखंडे यांचा रागसमयविचार

विष्णु नारायण भातखंडे (१८६०–१९३६) यांनी वकिली सोडून आयुष्य संगीतशास्त्रास वाहिले आणि घराण्यांत मुखोद्गत राहिलेल्या रागांना दहा थाटांची चौकट दिली. त्यांच्या शास्त्रातील सर्वांत विवाद्य भाग रागसमयाचा होय. वादी स्वर पूर्वांगात असल्यास राग मध्याह्नापासून मध्यरात्रीपर्यंतचा, उत्तरांगात असल्यास मध्यरात्रीपासून मध्याह्नापर्यंतचा, असा त्यांचा नियम आहे. भूप व देशकार यांचे पाचही स्वर तेच. परंतु भूपाचा वादी गांधार म्हणून तो रात्रीचा, देशकाराचा धैवत म्हणून तो सकाळचा. येथे नियम चोख उतरतो. तीव्र मध्यम सायंकाळ सुचवितो, हा त्यांचा दुसरा नियम मात्र तोडीपाशी अडतो. कारण तीव्र मध्यम असूनही तोडी सकाळीच गाइली जाते. मग स्वरांवरून समय ठरतो, की गायकांनी पाळलेल्या समयावरून स्वरांचे नियम बसविले गेले? अपवाद दुसऱ्या पक्षास अनुकूल आहे. तसे असल्यास हे नियम कारण सांगत नाहीत, प्रघाताचे वर्णन करतात. यात त्यांचे मोल उणावत नाही. ‘हिंदुस्थानी संगीतपद्धती’चे चार भाग भातखंडे यांनी गुरुशिष्यसंवादाच्या रूपाने लिहिले, शिष्याच्या शंकेस तेथे मानाचे स्थान आहे. नियम तेवढा पाठ करून शंका गाळणे म्हणजे त्यांची पद्धतीच सोडणे होय.