दिसणे आणि भेटणे



गेल्या आषाढी वारीत लोणंदच्या मुक्कामी आमच्या राहुटीत हरिपाठानंतर एक विषय निघाला आणि बराच वेळ चालला. विषय हिमालयातला होता, पण बोलता बोलता तो आपल्या वारीपर्यंत येऊन ठेपला. त्यावर नंतर जे मनन झाले ते वाचकांपुढे ठेवतो. यात कोणाला कमी लेखायचे नाही. ज्या गोष्टीवर टीका करणार आहे तिचा मोह मलाही पडला होता, हे आधीच कबूल करतो.

आमच्या दिंडीत एक निवृत्त गुरुजी आहेत. वय ७१. तीन वर्षांपूर्वी ते काशी आणि नेपाळच्या यात्रेला गेले होते. काठमांडूला पशुपतिनाथाचे दर्शन झाले आणि एक दिवस मोकळा होता. ज्यांना हवे त्यांनी वेगळे पैसे भरून हेलिकॉप्टरने एव्हरेस्ट पाहून यावे, अशी सोय होती. "बाबा, परत कधी जाणार आहात तिकडे?" असे म्हणून मुलाने इकडून पैसे भरले. गुरुजी गेले.

त्यांनी सांगितलेला कार्यक्रम असा. सकाळी काठमांडूहून उड्डाण. लुक्लाला इंधनासाठी थांबा. पुढे फेरिचे या गावी निम्मे प्रवासी उतरवले, कारण उंचावर हवा विरळ होत जाते आणि यंत्राला तेवढे वजन पेलत नाही. मग दोघातिघांना घेऊन हेलिकॉप्टर कालापत्थरला टेकले. ही जागा समुद्रसपाटीपासून साडेपाच हजार मीटरच्या वर आहे. तिथे हवेचा दाब आपल्याकडच्या जेमतेम निम्मा. पंखा फिरताच होता. पाच-सात मिनिटे खाली उतरून फोटो काढले. समोर ८,८४८ मीटर उंचीचे शिखर होते. नेपाळी लोक त्याला सगरमाथा म्हणतात आणि तिथले शेर्पा चोमोलुंग्मा. परत फिरताना ३,८८० मीटर उंचीवरच्या एका हॉटेलात नाश्ता झाला. दुपारच्या जेवणाला गुरुजी काठमांडूत हजर.

"डोळ्यांचे पारणे फिटले," गुरुजी म्हणाले आणि मोबाइलवरची चित्रफीत सगळ्यांना दाखवली. खरोखर सुंदर होती. बर्फ, निळे आकाश, आणि आवाज मात्र फक्त पंख्याचा.

तेवढ्यात आमच्या वीणेकरी बुवांचा नातू बोलू लागला. हा मुलगा कॉलेजात असताना मित्रांबरोबर त्याच डोंगराकडे पायी गेला होता. लुक्लापासून एव्हरेस्टच्या तळापर्यंत जाऊन परत यायला साधारण बारा दिवस लागतात. तो सांगत होता तसतसे राहुटीतले लोक उठून जवळ सरकले.

त्याने सांगितले ते दूधकोशी नदीवरच्या झुलत्या पुलांबद्दल. पुलावर समोरून ओझेवाला आला की सगळे थांबतात, पहिला मान ओझ्याचा. तिथले हमाल पाठीवरच्या टोपलीचा पट्टा कपाळावर घेतात. त्या पट्ट्याला नाम्लो म्हणतात. हातात टोक्मा नावाची आखूड काठी असते. दम लागला की ती पाठीमागे टेकवून ओझे तिच्यावर ठेवायचे आणि उभ्या उभ्याच विसावा घ्यायचा. वाटेत मंत्र कोरलेल्या दगडांच्या लांब भिंती लागतात. त्या उजव्या हाताला ठेवून पुढे जायचे, म्हणजे आपोआप प्रदक्षिणा घडते. नामचे बाजार या गावी, ३,४४० मीटरवर, चालणारे लोक एक दिवस जास्त मुक्काम करतात. थकले म्हणून नव्हे, तर शरीराला विरळ हवेची ओळख व्हावी म्हणून. पुढे थुक्ला नावाच्या चढावर डोंगरात गेलेल्या गिर्यारोहकांची आणि शेर्पांची स्मारके आहेत, दगडावर दगड रचलेली. तिथे पोहोचल्यावर बडबडी मुलेसुद्धा गप्प झाली, असे तो म्हणाला.

आणि मग त्याने सांगितले की तो शेवटपर्यंत पोहोचलाच नाही. लोबुचे या मुक्कामी त्याचे डोके फुटायला लागले, ओकाऱ्या सुरू झाल्या. ज्या घरी उतरला होता त्या बाईने लसणाचे गरम सूप पाजले, रात्री दोनदा उठून विचारपूस केली आणि सकाळी सांगितले, "बाळ, तू खाली जा. डोंगर कुठे पळून जात नाही." तिच्या भावाने त्याची पिशवी आपल्या पाठीवर घेतली आणि त्याला खालच्या गावापर्यंत सोडले. मुलाला एव्हरेस्टचे दर्शन झाले ते तेंगबोचेच्या मठापाशी, दुसऱ्या डोंगराच्या मागून डोकावणाऱ्या टोकाएवढे.

राहुटीत थोडा वेळ कोणी बोलले नाही. मग गुरुजीच म्हणाले, "मी पाहून आलो. हा भेटून आला."

माउली, माझी सारी टीका गुरुजींच्या या वाक्यात आली आहे. पुढचे लिहिणे म्हणजे त्या वाक्याचे निरूपण समजा.

वारकऱ्याला विचारा, पंढरपूरला कशासाठी निघालात? तो सहसा 'बघायला' म्हणणार नाही. तो म्हणेल, भेटीला. पाहणे एकतर्फी असते. भेटीत समोरचाही आपल्याला भेटतो, आपल्याकडून काही घेतो, आपल्याला काही देतो, आणि आपण होतो तसे राहत नाही. हेलिकॉप्टरने डोंगर पाहणाऱ्याला डोंगराने काही विचारले नाही, त्याच्याकडून काही मागितले नाही. तो काठमांडूहून जसा निघाला तसाच जेवायला परत आला. बारा दिवसांची वाट चार-पाच तासांत केली असे आपण म्हणतो, पण ते खरे नाही. ती वाट त्याने केलीच नाही, ती वरून ओलांडली. वाटेवरचे पूल, ओझेवाले, मंत्रांच्या भिंती, थुक्लाची स्मारके, सूप पाजणारी ती बाई, हे सगळे त्याच्या पायाखालून गेले.

आता कोणी म्हणेल, शिखर तर गुरुजींनाच नीट दिसले, त्या पोराला नुसते टोक! अगदी बरोबर. म्हणूनच हे उदाहरण मला मोलाचे वाटते. शिखर दिसणे हेच सगळे फळ असते तर हेलिकॉप्टरवाला जिंकला, आणि चालणाऱ्याचे बारा दिवस फुकट गेले. पण सांगण्यासारखे कोणाजवळ होते, ते राहुटीतल्या लोकांनी जवळ सरकून दाखवून दिले.

आपल्या संप्रदायात हा विचार नवा नाही. नामदेव महाराजांच्या तीर्थावळीच्या अभंगांत ज्ञानदेव आणि नामदेव यांच्या तीर्थयात्रेची कथा आहे. ज्ञानदेवांसारख्या ज्ञानियाला तीर्थे पाहून नवे काय कळायचे होते? त्यांना हवी होती नामदेवांची संगत. तीर्थाचे निमित्त, आणि वाटेतला सहवास हा लाभ. म्हणून त्या यात्रेची आठवण होते तेव्हा आपण त्यांच्या वाटेतल्या बोलण्याची आठवण काढतो, त्यांनी किती तीर्थे पाहिली याचा हिशेब करत नाही.

हे सगळे ऐकून गुरुजी थोडे खिन्न झाले. म्हणाले, "मग मला दोष लागला का? या वयात मी चालत जाऊ शकलो असतो का?"

हा प्रश्न टाळून टीका करणे म्हणजे निर्दयपणा होईल. ज्याचे गुडघे गेले, ज्याला दम्याचा त्रास आहे, त्याने डोंगर पाहूच नये असे कोण म्हणेल? आणि तेच हेलिकॉप्टर आजारी गिर्यारोहकाला तासाभरात रुग्णालयात पोहोचवते. त्या कामाला माझा नमस्कार आहे. अपघाताचा मुद्दाही मी पुढे करणार नाही. ११ जुलै २०२३ रोजी त्याच भागातून पर्यटकांना घेऊन परतणारे एक हेलिकॉप्टर कोसळले आणि आतले सहाही जण गेले, हे खरे. पण पायी जाणारेही विरळ हवेने दगावतात. धोका दोन्हीकडे आहे.

माझी हरकत धडधाकट माणसाच्या मनाला आहे. पाय शाबूत, रजा मिळते, तरी 'एवढे कोण चालणार' म्हणून तो वरून जातो आणि 'मी एव्हरेस्ट केले' असे सांगतो. त्याला फळ हवे, झाड लावायचे नाही. शिवाय त्याच्या पाच मिनिटांसाठी खालच्या गावांना दिवसभर घरघर ऐकावी लागते. चालणारा माणूस प्रत्येक मुक्कामी कोणाच्या तरी चुलीवरचे चार घास खातो, दोन पैसे देतो. वरून जाणारा गावाला फक्त आवाज देतो. २०२५च्या सुरुवातीला तिथल्या राष्ट्रीय उद्यानाने अशा उड्डाणांना मनाई केली आणि त्यावरून तिकडे मोठा वाद झाला. ज्यांच्या डोक्यावरून आपण जातो त्यांनाही काही म्हणायचे असते, एवढे तरी त्यातून कळावे.

नेपाळ दूर वाटत असेल तर केदारनाथ घ्या. आपल्यातले कितीतरी जण जाऊन आले आहेत. गौरीकुंडापासून सोळा किलोमीटरच्या वर चढ आहे, आणि फाट्याहून हेलिकॉप्टरने काही मिनिटे. ज्याला चालवत नाही त्याने खुशाल हेलिकॉप्टरने जावे, भोलेनाथ त्याला ओळखतो. पण ज्याला चालवते त्याने आपल्या मनाला एकदा विचारावे, की मला देवाला भेटायचे आहे की यादीतले एक नाव खोडायचे आहे?

चालणाऱ्यांनीही छाती फुगवू नये. 'आम्ही पायी आलो' हा अभिमान डोक्यात गेला की तोही डोक्यावरून जाणाराच. आणि हे वरून पाहण्याचे वेड आता आपल्या दारातही आले आहे. रिंगणाची ड्रोनने काढलेली चित्रफीत मीही दहा वेळा पाहिली. काय तो गोल, काय त्या पताका! पण रिंगणात उभ्या असलेल्या माणसाला तो गोल कधी दिसत नाही. त्याला पुढच्याची पाठ दिसते. अश्व धावून गेला की तो वाकतो आणि टापांखालची माती कपाळाला लावतो. वरच्याला चित्र मिळाले, आतल्याला माती मिळाली. माती कोणाची जास्त मोलाची, हे वारकऱ्याला सांगायला नको.

आता माझी कबुली. गेल्या वर्षी डॉक्टरांनी मला चालायला मनाई केली. घरचे म्हणाले, गाडी करून एकादशीला थेट पंढरपूरला जा, दर्शन घेऊन संध्याकाळी परत. मला ते पटत आले होते. शेवटी मी दिंडीच्या ट्रकमध्ये बसलो. ट्रक पुढे मुक्कामी पोहोचतो, मग राहुट्या ठोकायच्या, पाण्याची पिंपे भरायची, भाजी निवडायची. मी रोज मायबहिणींबरोबर भाजी निवडली. संध्याकाळी चालून आलेल्यांच्या पायांवर पाणी घातले. तेव्हा कळले की वाहनात बसल्याने वारी सुटत नाही, वाटेतला आपला वाटा सोडला की सुटते. पाय नसले तरी हात असतात, हात थकले तरी दोन शब्द असतात.

गुरुजींना मी त्या रात्री हेच सांगितले. दोष हेलिकॉप्टरचा नाही आणि तुमच्या वयाचाही नाही. तिथे उतरलात तेव्हा कोणाला भेटलात का, एवढेच आठवून पाहा.

गुरुजींनी बराच वेळ विचार केला. म्हणाले, "फेरिचेला आम्हा तिघांना उतरवून हेलिकॉप्टर वर गेले होते. पंधरा-वीस मिनिटे थांबावे लागले. थंडीने मी कुडकुडत होतो. तिथल्या एका म्हाताऱ्याने मला आपल्या दारात बसवले आणि चहा दिला. भाषा कळत नव्हती. त्याने माझ्या गळ्यातल्या तुळशीच्या माळेला हात लावला, मग आपल्या हातातली जपमाळ दाखवली आणि हसला. हे मी इतक्या वर्षांत कोणाला सांगितलेच नाही. चित्रफितीत ते नव्हते ना."

राहुटीतले सगळे पुन्हा जवळ सरकले. गुरुजी मग त्या म्हाताऱ्याबद्दल सांगत राहिले. पहाटे काकड्याला उठायचे होते, तरी कोणाला झोपायची घाई नव्हती.

रामकृष्ण हरी.