सलूजा, रेणू

सलूजा, रेणू : (५ जुलै १९५२ – १६ ऑगस्ट २०००). हिंदी समांतर चित्रपटांच्या अग्रगण्य संकलक. पुण्याच्या ‘फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट’मध्ये त्यांना दिग्दर्शन शिकावयाचे होते, तेथे प्रवेश न मिळाल्याने त्या संकलनाकडे वळल्या व १९७६ मध्ये तो अभ्यासक्रम पूर्ण करून मुंबईत आल्या. संकलनाचे क्षेत्र तेव्हा जवळजवळ सर्वस्वी पुरुषांचे होते.

समांतर चित्रपटांत पैशाची व कच्च्या फिल्मची कायम ओढाताण असे. फसलेले दृश्य पुन्हा चित्रित करणे क्वचितच परवडे. साहजिकच चित्रपटाची अंतिम घडण संकलनाच्या टेबलावर होई. कुंदन शाह यांचा जाने भी दो यारो (१९८३) हा राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या तुटपुंज्या अर्थसाहाय्यावर निघालेला चित्रपट याचे उत्तम उदाहरण होय. अनुपम खेर यांनी रंगविलेली ‘डिस्को किलर’ची भूमिका त्यातून समूळ वगळली गेली. हशा मिळवू शकेल असे अख्खे पात्र काढून टाकण्यास विनोदी चित्रपटात अधिकच धैर्य लागते. महाभारताच्या नाट्यप्रयोगातील सुप्रसिद्ध गोंधळ मात्र त्यांनी मनसोक्त लांबू दिला आहे. त्यानंतर थोड्याच वेळात दोघे निरपराध नायक कैद्यांच्या वेषात दिसतात. प्रेक्षकाचे हसू पुरते ओसरण्यापूर्वीच हा शेवट येतो. त्याची बोच त्या लांबवण्यातून व या त्वरेतून निर्माण झाली आहे.

गोविंद निहलानी यांच्या अर्धसत्य (१९८३) या चित्रपटाची प्रकृती अगदी वेगळी. श्री. दा. पानवलकरांच्या ‘सूर्य’ या मराठी कथेवरून विजय तेंडुलकरांनी त्याची पटकथा लिहिली. उपाहारगृहात वेलणकर हा पोलीस अधिकारी दिलीप चित्रे यांची कविता सहज म्हणून वाचू लागतो आणि वाचता वाचता गंभीर होतो. येथे कापणीची घाई नाही. ओम पुरी यांच्या मुद्रेवरील पालट प्रेक्षकाला स्वस्थपणे पाहू दिला आहे. संकलन म्हणजे केवळ काटछाट, हा समज या प्रसंगापुढे टिकत नाही.

विधू विनोद चोप्रा यांच्या परिंदा (१९८९) मध्ये त्या व्यावसायिक चित्रपटाच्या जवळ आल्या. त्याची वेगवान, आघाती मांडणी पुष्कळ वाखाणली गेली व तिला राष्ट्रीय पुरस्कारही लाभला. तथापि तीत परिणाम साधण्याचा सोस क्वचित जाणवतो. सुधीर मिश्रा यांचा धारावी (१९९१) अधिक समतोल आहे. टॅक्सीचालक नायकाच्या स्वप्नांत माधुरी दीक्षित अवतरते, आणि ही स्वप्ने व झोपडपट्टीतील व्यवहार यांची सरमिसळ होऊनही त्याचे दैन्य हास्यास्पद ठरत नाही. या चित्रपटाबरोबरच सरदार व गॉडमदर यांच्या संकलनासाठीही त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. शेखर कपूर यांच्या बँडिट क्वीनचे (१९९४) संकलनही त्यांचेच.

समांतर चित्रपटाची समीक्षा बहुतांशी दिग्दर्शकांच्या नावाने लिहिली गेली. मिर्झा, शाह, निहलानी, चोप्रा व मिश्रा या भिन्न प्रवृत्तीच्या दिग्दर्शकांचे चित्रपट एकाच व्यक्तीच्या हातून सिद्ध झाले, याची दखल त्या समीक्षेत अभावानेच आढळते. कर्करोगाने मुंबई येथे त्यांचे निधन झाले.