घरी परतलेली भाषा

आफ्रिकान्स ही गोऱ्या मालकांची भाषा होय, असा समज सर्वत्र आढळतो. तो अगदीच निराधार नाही. 16 जून 1976 रोजी सोवेटोची शाळकरी मुले याच भाषेतून शिकण्याच्या सक्तीविरुद्ध रस्त्यावर उतरली आणि पोलिसांच्या गोळ्यांना बळी पडली. तरीही हा समज अपुरा आहे, असे आम्हांला वाटते.

1652 साली डच ईस्ट इंडिया कंपनीने दक्षिण आफ्रिकेत केप येथे ठाणे वसवले. इंडोनेशियाची बेटे, मादागास्कर आणि आपला हिंदुस्थान येथून तेथे गुलाम नेण्यात आले. हे गुलाम, मूळचे खोइखोइ लोक आणि डच वसाहतवाले यांच्या नित्य व्यवहारात डच भाषेचे रूप पालटले. क्रियापदांचे विकार झडले, नकार वाक्यात दोनदा येऊ लागला. केळ्याला आजही तेथे मलायी ‘पिसांग’ हाच शब्द आहे. केपच्या मुसलमानांनी ही भाषा अरबी लिपीत लिहिली. अबू बक्र एफेंदी यांचा धर्मनियमांवरील ग्रंथ 1877 साली इस्तंबूलला छापला गेला. पुढे गोऱ्यांच्या चळवळीमुळे तिला 1925 साली राजमान्यता मिळाली आणि 1933 साली संपूर्ण बायबल तीत आले. या वैभवात गुलामांच्या वंशजांची बोली मात्र अशुद्ध ठरली.

त्याच बोलीत अ‍ॅडम स्मॉल यांनी 1965 साली ‘कान्ना घरी येतो’ या अर्थाच्या शीर्षकाचे नाटक लिहिले. पोरका कान्ना माकीट या पंगू स्त्रीच्या घरी वाढतो, शिकतो, कॅनडाला जातो आणि परततो तो तिच्या दफनविधीसाठी. मधल्या काळात त्या घरावर एकामागून एक संकटे कोसळतात; ती रचना थोडी योजून केल्यासारखी वाटते, हा दोष आम्ही मान्य करतो. पण अशा बोलीमुळे गरिबांचे हसे होते, हा आक्षेप आम्हांला पटत नाही. माकीटचे दुःख प्रमाणभाषेत उतरवले असते तर ते परक्याचे झाले असते. ज्यांची मुले परदेशी आहेत, त्यांना तिची वाट पाहणे समजावून सांगावे लागणार नाही.

आफ्रिकान्समधील मानाचे हर्टझोग पारितोषिक स्मॉल यांना 2012 साली मिळाले. कान्नाप्रमाणेच हा सन्मानही उशिरा घरी आला. पण ज्या घरात ही भाषा जन्मली, त्या घरी आला.