बिघा व एकर : पनवेल टापूंतील कागदांच्या निमित्तानें कोष्टकांची परीक्षा

ऐतिहासिक कागद छापतांना त्यांतील बिघे, पांड व काठ्या यांचे एकर-गुंठे करून देण्याची चाल आतां बहुतेक संपादकांनीं स्वीकारली आहे. वाचकांची सोय हा तिचा हेतु उघड आहे व त्याविषयीं कोणाची तक्रार असण्याचें कारण नाहीं. परंतु हें रूपांतर बहुधा एका ठराविक आंकड्यानें, आणि कोणती काठी धरली हें न सांगतां, केलेलें असतें. मग तो आंकडा जणूं मूळ कागदांतलाच आहे अशा विश्वासानें पुढील लेखक त्यावर सारा, उत्पन्न व इनामाचें मोल यांचीं अनुमानें उभारतात. ही पद्धत कितपत टिकते याची परीक्षा करण्याचें प्रस्तुत लेखांत योजिलें आहे.

उदाहरणासाठीं पनवेलचा टापू घेतला आहे. भाताचीं खाचरें, खारेपाट, वरकस डोंगर व बागाईत असे जमिनीचे चारहि प्रकार तेथें थोड्या अंतरांत सांपडतात. शिवाय पेशवाईंतील कल्याण प्रांत, इंग्रजी अमलांतील ठाणें जिल्हा, पुढें कुलाबा, आणि १९८१ पासून रायगड, अशा निरनिराळ्या दप्तरांतून या टापूचा कागद हिंडला आहे. मुंबई सरकारच्या जुन्या गॅझेटियरांत पनवेल हें १८८३ च्या कुलाबा खंडांत नसून १८८२ च्या ठाणें खंडांत आहे, ही साधी गोष्ट ध्यानांत नसली तरी शोधकाचा मार्ग चुकतो. मग मापांची कथा काय सांगावी?

(१) कोष्टक आणि त्यांतील पहिली अडचण

मराठी दप्तरांतील कोष्टक सर्वपरिचित आहे. पांच हात पांच मुठी लांबीची काठी. वीस काठ्यांचा पांड. वीस पांडांचा बिघा. सहा बिघ्यांचा रुका. आणि वीस रुक्यांचा, म्हणजे एकशेंवीस बिघ्यांचा, चाहूर. यांत 'काठी' हा शब्द दोन अर्थांनीं येतो हें प्रथम लक्षांत घेतलें पाहिजे. पहिल्या वाक्यांत ती लांबी आहे. दुसऱ्यांत ती क्षेत्र आहे, म्हणजे एक काठी लांब व एक काठी रुंद एवढा तुकडा. असे वीस तुकडे ओळीनें मांडले कीं पांड होतो, व असे वीस पांड शेजारीं शेजारीं मांडले कीं वीस काठ्या औरस-चौरस बिघा होतो. ज्यांनीं पांड हें लांबीचें माप समजून त्याचा पुनः वर्ग केला, त्यांचा पांडच बिघ्याएवढा व बिघा चारशें बिघ्यांएवढा होऊन बसतो. हा प्रमाद ढोबळ असल्यानें लवकर उघडकीस येतो. खरा धोका सूक्ष्म प्रमादांत आहे.

काठीचें जुनें स्पष्ट वर्णन कृष्णाजी अनंत सभासदाच्या बखरींत आहे. ही बखर राजाराममहाराजांच्या कारकीर्दींत लिहिली गेली. तींत शिवछत्रपतींच्या वेळच्या मोजणीचें जें माप दिलें आहे त्याचा मथितार्थ असा, कीं हात चौदा तसूंचा व सबंध काठी ब्यायशीं तसूंची. म्हणजे पांच हातांचे सत्तर तसू आणि पांच मुठींचे बारा. ब्यायशींस चौदांनीं भागिलें असतां काठी ५.८५७ हात येते. दुसऱ्या बाजूनें, सहा मुठींचा एक हात हा व्यवहारांतील हिशेब धरला तर पांच हात पांच मुठी म्हणजे ५⅚, अर्थात् ५.८३३ हात. या दोहोंमध्यें शेंकडा अर्ध्याहूनहि कमी अंतर आहे. काठींत हात किती याविषयीं बखर व व्यवहार यांत वाद नाहीं, ही मोठी जमेची बाजू होय.

येथें एका छापील आंकड्याकडे लक्ष वेधावेंसें वाटतें. मुंबई इलाख्याच्या जुन्या इंग्रजी कोष्टकांत चौरस काठी म्हणजे ३४⅙ चौरस हात असें दिलेलें आढळतें. ५⅚ चा वर्ग केला असतां बरोबर ३४ व एक-छत्तिसांश येतो. छेदांतील ३ हा आंकडा गळून ३६ चा ६ झाला असावा, असा तर्क सहज सुचतो. फरक नगण्य आहे. परंतु कोष्टकें नकलून पुढें जातात, मोजून नव्हे, हें यावरून दिसतें.

(२) हात केवढा ?

सर्व वाद हाताच्या लांबीचा आहे. अठरा इंची हात धरला तर काठी पावणेनऊ फूट व बिघा सुमारें ३,४०३ चौरस वार, म्हणजे २८ गुंठे भरतो. कंपनी सरकारच्या काळीं मुंबईकडे रूढ झालेल्या कोष्टकांत काठी ९.४ फूट धरिली आहे. तिनें बिघा ३,९२७ चौरस वार, म्हणजे जवळ जवळ साडेबत्तीस गुंठे होतो. या दुसऱ्या काठींतून उलट हिशेबानें हात काढला तर तो सुमारें १९⅓ इंच येतो. तिसरा एक मार्ग आहे व तो सर्वांत फसवा आहे. मुंबईच्या लांबीच्या कोष्टकांत सोळा तसूंचा हात अठरा इंच, म्हणून तसू सव्वा इंचाहून कमी, १⅛ इंच, सांगितला आहे. हा तसू घेऊन सभासदाच्या ब्यायशीं तसूंस लावला कीं काठी ७.६९ फुटांवर येते आणि बिघा पावणेबावीस गुंठ्यांचा होतो. यांत दोष उघड आहे. सभासदाचा हात चौदा तसूंचा आहे, मुंबईचा सोळांचा. एकाचा तसू दुसऱ्याच्या काठीस जोडला तर सभासदाचा हात पावणेसोळा इंचांचा ठरतो; आणि कोपरापासून बोटाच्या टोकापर्यंत एवढेंच अंतर असलेल्या माणसाकडून सरकारनें जमीन मोजविली असें मानावें लागतें ! तसू हें नांव एक असलें तरी तो भाग आहे, स्वतंत्र माप नव्हे. ज्या हाताचा तो भाग, त्या हाताशींच तो जोडला पाहिजे.

आतां परिणाम पाहूं. एखाद्या सनदेंत एक चाहूर जमीन इनाम दिली आहे असें धरलें, तर पहिल्या काठीनें ती ८४ एकर १५ गुंठे, दुसरीनें ९७ एकर १५ गुंठे व तिसऱ्या चुकीच्या मार्गानें ६५ एकर ५ गुंठे होते. शब्द एक, सनद एक, आणि फरक बत्तीस एकरांचा ! साऱ्याचें उदाहरण याहून बोलकें आहे. बिघ्यास पांच रुपये दर आहे असें समजूं. एकरीं तो अनुक्रमें सुमारें ७ रुपये २ आणे, ६ रुपये २॥ आणे, आणि ९ रुपये ३॥ आणे पडतो. मराठी अमलांतील सारा जबर होता कीं माफक होता, इंग्रजी बंदोबस्तानें रयतेवरील भार हलका केला कीं नाहीं, असले वाद ज्या तुलनेवर चालतात तींत दीडपटीचें अंतर संपादकाच्या टिपेंतूनच शिरूं शकतें. कोणाची कारकीर्द न्यायाची होती याचा निकाल काठीच्या लांबीवर लागावा, आणि ती लांबी मात्र कोणी तपासूं नये, हें इतिहासशास्त्रास शोभणारें नाहीं.

परप्रांतांतील कोश जवळ ठेवून बिघ्याचा अर्थ लावणें तर याहूनहि अनर्थकारक होय. बंगालचा बिघा ऐशीं हात औरस-चौरस, म्हणजे १,६०० चौरस वार. वायव्य प्रांतांत तेहतीस इंची गज ठरवून साठ गज औरस-चौरस बिघा केला, तो ३,०२५ चौरस वार, म्हणजे नेमका पांच-अष्टमांश एकर. आपला बिघा या दोहोंहून वेगळ्या काठीचा पुत्र आहे. हल्लीं यंत्रावर क्षणांत रूपांतर करून देणारीं जीं कोष्टकें मिळतात त्यांत फार तर प्रांत विचारला जातो. काळ व काठी कोणी विचारीत नाहीं. तीं व्यापाराच्या सोयीचीं असतील, सनदेच्या अर्थनिर्णयास निरुपयोगी आहेत.

(३) जें क्षेत्रच नव्हे त्याचें क्षेत्र

आतांपर्यंतची चर्चा जमीन खरोखर मोजलेली होती असें धरून झाली. उत्तर कोंकणांत हें गृहीत नेहमीं चालत नाहीं. ठाणें गॅझेटियरांत बिघावणीखेरीज हुंडाबंदी, मुडाबंदी व टोकाबंदी या पद्धती वर्णिल्या आहेत. त्यांत जमीन न मोजतां एका तुकड्यावर ठोकळ मानानें धान्य वा रक्कम ठरवीत. मुडा हें धान्याचें माप. अमुक मुड्यांची जमीन म्हणजे तेवढें धान्य देणारा तुकडा, तेवढ्या क्षेत्राचा नव्हे. डोंगराकडील वरकस जमिनीवर नांगरबंदीनें, म्हणजे नांगरामागें, आकार बसे. अशा ठिकाणीं 'एक नांगर म्हणजे इतके एकर' असें लिहिणें म्हणजे बैलांच्या दमाचें क्षेत्रफळ काढणें होय. मुडा, हुंडा, टोका, ढेप व नांगर हे शब्द आले कीं संपादकानें रूपांतराचा मोह सोडावा आणि शब्द तसाच ठेवून तो कोणत्या पद्धतीचा आहे एवढेंच सांगावें.

मोजलेल्या बिघ्यांतहि एक पेंच आहे. कस हलका असल्यास सारा ठरवितांना जास्त जमीन एका बिघ्यांत धरण्याची वहिवाट होती. असा बिघा काठीचा नसून आकाराचा असतो. उलट, इंग्रजी मोजणीनें पोटखराब वेगळा काढून बाकीच्या जमिनीवरच आकार बसविला. म्हणून जुना बिघा व नवा सर्व्हे नंबर एकाच शेताचे असले तरी आंकडे जुळतीलच असें नाहीं. गोल्डस्मिड व विंगेट यांनीं घालून दिलेल्या पद्धतीच्या या मोजणींत तेहतीस फुटी सांखळी असून तिचे सोळा आणे असत. तेहतीस फूट औरस-चौरस तो गुंठा व चाळीस गुंठ्यांचा एकर. पण त्याच दप्तरांत जमिनीची प्रतवारीहि आण्यांनीं दाखवितात. एक आणा क्षेत्राचा, दुसरा कसाचा. रकाना न पाहतां वाचणारा एकाचा दुसरा करतो.

अंकलेखनाचा दोष याच जातीचा आहे. बिघ्यांपुढील ॥ ही खूण अर्ध्या बिघ्याची, म्हणजे दहा पांडांची. ती रुपयांच्या रकान्यांतील आठ आण्यांसारखी वाचून नुसता आंकडा उतरविला कीं अर्थ नष्ट होतो. नव्या कागदांतहि एकर-गुंठ्यांत लिहिलेले १-२० म्हणजे दीड एकर, एक पूर्णांक वीस शतांश नव्हे. दशमान पद्धतीनंतर उताऱ्यांवर हेक्टर व आर आले, आर गुंठ्याच्या इतका जवळ आहे (एक गुंठा म्हणजे १.०१ आर) कीं दोहोंची अदलाबदल डोळ्यांस खुपत नाहीं. परंतु शंभर आरांचा हेक्टर होतो आणि चाळीस गुंठ्यांचाच एकर, हें विसरलें कीं पुढचा सारा हिशेब कोसळतो.

(४) आक्षेप व उत्तर

यावर कोणी म्हणेल, कीं जुनी मोजणीच स्थूल होती. दोर ढिला पडे, काठी झिजे, मोजणारास चिरीमिरी मिळे. तेव्हां गुंठ्यांचा इतका बारकावा कशास? आक्षेपांत तथ्य आहे, पण तो उलटाच लागू पडतो. मोजणींतील चूक कधीं इकडे कधीं तिकडे होते व पुष्कळ शेतांच्या बेरजेंत ती बरीचशी झडते. काठी चुकीची धरल्यानें होणारी चूक मात्र प्रत्येक शेतांत एकाच बाजूस होते व बेरजेबरोबर वाढत जाते. मूळ कागद स्थूल असेल तर त्याचें रूपांतर दोन दशांश स्थळांपर्यंत छापणें हाच खोटा बारकावा होय.

(५) कर्तव्य काय ?

संपादकांनीं चार गोष्टी पाळाव्या अशी सूचना आहे. मूळांतील आंकडा व खूण जशीच्या तशी छापावी. रूपांतर द्यावयाचें तर चौकटी कंसांत द्यावें व काठी किती फुटांची धरली तें प्रत्येक पुस्तकाच्या आरंभीं सांगावें. काठीचा निर्देश नसेल तेथें एक आंकडा न देतां बिघ्यास २८ ते ३२॥ गुंठे अशी मर्यादा द्यावी. आणि धान्याच्या वा नांगराच्या मापास क्षेत्राचें रूप देऊं नये.

याहून महत्त्वाचें काम संग्राहकांच्या हातीं आहे. बिघ्याची खरी परीक्षा कोशांत नसून शेतांत आहे. ज्या शेताची चतुःसीमा सनदेंत वा ठिकेझाड्यांत खाडी, तळें, बांध अशा न हलणाऱ्या खुणांनीं सांगितली आहे, तेंच शेत इंग्रजी मोजणीच्या टिपणांत, गुणाकार बुकांत व गांवनकाशांत ओळखतां आलें, तर जुने बिघे आणि नवे गुंठे यांचें प्रमाण अनुमानावांचून निघतें. अशीं दहा-वीस शेतें एका महालांत जुळलीं तर त्या महालाची काठी सिद्ध होईल. घरोघरच्या दप्तरांतील जमीनझाडे सनदांइतके देखणे नसतात, त्यांवर मोठे शिक्के नसतात, म्हणून संग्राहक ते मागें टाकतात. वस्तुतः या प्रश्नाचें उत्तर त्यांतच आहे.

पनवेल टापूंत हें काम निकडीचें झालें आहे. १९७० पासून नव्या मुंबईसाठीं तेथील जमिनी संपादन होऊं लागल्या. खारेपाटाचे बांध भरावाखालीं गेले, खाचरांच्या जागीं रस्ते व वसाहती झाल्या, आणि २०२५ सालीं विमानतळहि सुरू झाला. सनदेंतील बांध ज्या जमिनीवर दाखवितां आला असता ती जमीनच ओळखूं येईनाशी होत आहे. नकाशे व टिपणें सरकारी दप्तरांत आहेत, झाडे खाजगी पेट्यांत आहेत. दोहोंची गांठ घालणारा अभ्यासक तेवढा हवा. ती गांठ पडेपर्यंत बिघ्यास बिघाच म्हणावें. त्यांत मूळ लेखकाचा मान राहतो व पुढील शोधकाची वाटहि मोकळी राहते.